विचारा की : ईर्षेतनं येणारं हसू

गेल्या दोन महिन्यांत आलेली निम्म्याहून जास्त पत्रं एकाच वाटेची निघाली. लघुपटासाठी विनोदी लिहायचं कसं, आणि लिहून पोट भरतं का? मी कोल्हापुरात, मंगळवार पेठेत राहते. अकरा वर्षं एका पतसंस्थेच्या काउंटरवर होते आणि चौदा वर्षं लघुपटांसाठी लिहिते आहे. त्यातली पहिली पाच वर्षं दोन्ही कामं बरोबरच चालली. तेवढ्या अनुभवातनं जे कळलं ते सांगते. पत्रं जागेसाठी थोडी कापली आहेत.

ताई, मी गडहिंग्लजला बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला आहे. कट्ट्यावर मी तोंड उघडलं की पोरं पोट धरून हसतात. म्हणून मित्राच्या मोबाईलवर काढायच्या फिल्मसाठी बारा पानं लिहिली. वाचून दाखवली तर कोणीच हसलं नाही. एकजण नुसतं म्हणाला, 'जोक बरे आहेत.' माझं चुकतंय कुठं?

तुझी बारा पानं मी दोनदा वाचली. त्यात सत्तावीस विनोद आहेत आणि ते सगळे तू केलेले आहेत. हिरो, त्याचा बाप, चहावाला, हवालदार, सगळे तुझ्याच तोंडानं बोलतात. कट्ट्यावर पोरं हसतात ती तुला हसतात. तुझा आवाज, तुझी मान वाकडी करायची सवय, काल तू कुणाची फिरकी घेतलीस हे सगळं त्यांना ठाऊक असतं. पडद्यावर तू नसतोस. तिथं प्रेक्षकासमोर एक अनोळखी माणूस येतो आणि पहिल्या मिनिटात दोन गोष्टी कळाव्या लागतात. ह्याला काय पाहिजे, आणि ते मिळालं नाही तर ह्याचं काय जाणार.

ह्याला आपल्याकडं नेमका शब्द आहे. ईर्षा. शब्दकोशात ईर्षा म्हणजे मत्सर. कोल्हापुरात ईर्षेला पेटणं म्हणजे दुसऱ्याच्या दृष्टीनं क्षुल्लक असलेल्या गोष्टीसाठी माणसानं सगळं पणाला लावणं. फुटबॉलची मॅच, तालमीचा मान, गणपतीच्या मिरवणुकीत पुढं कोण, आपला ऊस आधी तुटला की भावकीचा. ज्याला ईर्षा आहे तो स्वतः अजिबात हसत नसतो. त्याचं सगळं खरं असतं. म्हणूनच बघणाऱ्याला हसू येतं, आणि त्याच वेळी त्या माणसाबद्दल मायाही वाटते. विनोदी पटकथेत मला एवढं एकच हवं असतं. बाकीचं शिकता येतं.

माझ्या एका लघुपटाचं उदाहरण देते, म्हणजे नुसतं तत्त्वज्ञान होणार नाही. पेठेतला एक पन्नाशीचा गडी. फुटबॉलचा संघ हरला म्हणून भर चौकात शपथ घेतो, आपली टीम जिंकल्याशिवाय तोंडातनं शब्द काढणार नाही. टीम लागोपाठ तीन मॅच हरते. घरात बायको त्याच्या खाणाखुणा ओळखून दिवस काढते, आणि एका दुपारी त्याच्या डोळ्यांदेखत दारातली मोटारसायकल चोर ढकलत न्यायला लागतो.

पहिल्या खर्ड्यात एकोणीस पानं आणि चौदा ठिकाणं होती. शेवटी तो न राहवून 'चोर! चोर!' ओरडायचा. वाचनाला बसलेली सहाजणं गालात हसली, पण पोटातनं कोणी हसलं नाही. मी दोन आठवडे ते कागद बाजूला ठेवले. मग लक्षात आलं, ओरडला म्हणजे त्याची ईर्षा मोडली. माणूस मोडला की गोष्ट संपली, आणि ती मी सातव्या मिनिटाला संपवत होते.

मग मी बायकोकडं बघितलं. पहिल्या खर्ड्यात तिला काम नव्हतं. तिला खुणा चुकीच्या ओळखायला लावल्या. तो डोळ्यांवर बोटांची दोन गोल करून चष्मा मागतो, ती म्हणते, "दोन भाकरी व्हय?" तो हाताचा द्रोण करून चहा मागतो, ती ताक आणून ठेवते, आणि तो मुकाट्यानं पितो. ह्या दोन जागांना प्रेक्षक हसतो, म्हणून ती पुढच्या प्रसंगाची पेरणी आहे हे त्याच्या ध्यानात येत नाही. पेरलेल्या जागेला तिचं स्वतःचं हसू असलं पाहिजे, नाहीतर ती उघडी पडते. चोर येतो तेव्हा हा मुठी वळून, पिरगाळून गाडी, गाडी असं दाखवतो. ती दारातनं बघते, आत जाते आणि चोराच्या हातात किल्ली देऊन म्हणते, "घ्या दादा. सावकाश चालवा."

त्याच क्षणी चौकातनं पोरगं पळत येतं. जिंकलो! शपथ सुटली. गाडी कोपऱ्यावर वळते आहे. आमचा गडी छाती भरून श्वास घेतो, तोंड उघडतो आणि त्याच्या तोंडातनं पहिला शब्द निघतो, "गोल!"

शाहू स्मारकात तो दाखवला तेव्हा मी शेवटच्या रांगेत उभी होते. 'गोल'ला जी आरोळी उठली ती मी जन्मभर विसरणार नाही. पूर्ण नऊ मिनिटांत एकाही पात्रानं विनोद म्हणून एक वाक्य टाकलेलं नाही. ठिकाणं तीन : घर, दार, चौक.

तुझ्या बारा पानांत सोन्यासारखी एक जागा आहे. हिरोच्या बापाला गॅसची सबसिडी किती जमा झाली ते बघायला रोज बँकेत जायचं असतं, आणि तू त्याला दोन ओळींत उरकलास. त्याला हिरो कर. त्याला बँकेत नक्की काय पाहिजे ते शोध. मी अकरा वर्षं काउंटरच्या आतनं अशी माणसं बघितली आहेत. पासबुकात एन्ट्री मारून घ्यायला येणारा माणूस फक्त एन्ट्रीसाठी आलेला नसतो. सत्तावीसपैकी चोवीस विनोद काढ. जे तीन निघता निघत नाहीत, तेवढेच त्या माणसाचे आहेत.

मी इचलकरंजीत प्राथमिक शिक्षिका आहे. यंत्रमागाच्या शेडमध्ये कामाला जाणाऱ्या दोन जावांची विनोदी गोष्ट लिहिली आहे. दहा मिनिटांचा लघुपट करायचा आहे, पण वीस पानं झाली. शिवाय बोली आमच्याकडची. नागपूरच्या प्रेक्षकाला कळावी म्हणून प्रमाण मराठी करू का?

बाई, बोलीला हात लावू नका. "बस की" ह्यातला 'की' काढून तिथं 'ना' घातला, तर वाक्याचा अर्थ तोच राहतो आणि जीव जातो. त्या 'की'त आग्रह आहे, थोडा दम आहे आणि आपलेपण आहे. नटीनं तो 'की' किती ओढायचा ह्यावर हसू ठरतं.

आणखी एक गोष्ट तुमच्या हातात आहे. आपल्या बाजूला बायका आपापसांत "मी येतो", "मी जेवलो" असं सहज म्हणतात. तुमच्या धाकट्या जावेला शेडमध्ये आणि घरात "मी जातो" म्हणू द्या, आणि मुलाच्या शाळेत बाईंसमोर "मी जाते" म्हणू द्या. ती कुठं मोकळी आहे आणि कुठं सावरून बसली आहे हे एका अक्षरात कळतं. नागपूरच्या माणसालाही कळेल, कारण तिचा चेहराही त्याबरोबर बदललेला असेल. अडतात ती फक्त नामं. 'धोटा' (मागात सूत इकडून तिकडं नेणारा), 'कांडी' (धोट्यात बसवायची सुताची गुंडाळी) हे शब्द तुमच्याकडच्या पोरासोरांना माहीत असतात, बाहेर नसतात. तेव्हा धोटा शब्द उच्चारण्याआधी एकदा पडद्यावर दिसू द्या. तळटीप लागणार नाही.

आता पानांचं. इंग्रजी पटकथेत कुरियर टाइपात, १२ पॉइंटमध्ये एक पान म्हणजे अंदाजे एक मिनिट, असा हिशेब धरतात. देवनागरीत तो बसत नाही. माझं एक पान कधी चाळीस सेकंदांचं भरतं, कधी दीड मिनिटाचं. म्हणून घड्याळ लावून सगळं मोठ्यानं वाचा आणि जिथं कृती आहे तिथं उठून ती करा. ऑस्करवाले ४० मिनिटांपर्यंतच्या चित्रपटाला लघुपट म्हणतात, पण विनोदी लघुपट बारा मिनिटांच्या पुढं गेला की त्याला धाप लागते, असा माझा अनुभव आहे.

तुमची वीस पानं कमी करायची वाट मात्र तुमच्या शेडमध्येच आहे. माग चालू असताना शेजारच्याचं बोलणं ऐकू येतं का? नाही. मग दोघी जावा पाच पानं भांडतात कशा? ते भांडण खुणांनी होऊ दे, ओठ हलू देत, शब्द नकोत. आवाज वाढत जातो, थोरली गळा काढून काहीतरी ओरडते आणि नेमकी लाइट जाते. सगळे माग एकदम थांबतात. तिचं ते शेवटचं वाक्य अख्ख्या शेडला ऐकू जातं. ते एक वाक्य लिहायला महिना लागला तरी चालेल. तुमच्या बाराव्या पानावर, सासूच्या पाटल्यांबद्दलचं वाक्य आहे. मला वाटतं तेच आहे ते.

माझा मुलगा शिरोली एमआयडीसीत फौंड्रीत चांगल्या नोकरीला होता. सात महिन्यांपूर्वी सोडली. म्हणतो, कॉमेडी शॉर्ट फिल्म लिहिणार. त्याला दुखवायचं नाही, पण ह्यात मिळकत आहे का हे कुणीतरी खरं सांगा. — एक वडील, उत्तरेश्वर पेठ

खरं सांगते. नुसत्या लघुपटांच्या लेखनावर घर चालत नाही. माझंही चाललेलं नाही.

चार मित्र वर्गणी काढून लघुपट करतात. कॅमेरा-लेन्सचं भाडं, गाडीचं पेट्रोल, वीस माणसांचं दोन वेळचं जेवण, एडिटिंग, आवाजाचं काम, इतकं होईतो पैसे संपतात. लेखकाचा नंबर शेवटी लागतो. मला पहिल्या लघुपटाचे तीन हजार मिळाले होते, तेही शूटिंग होऊन पाच महिन्यांनी. लघुपट हे लेखकाचं दुकान नव्हे, दुकानावरची पाटी आहे. ती बघून दुसरी कामं येतात.

माझी मिळकत येते ती अशी. दुकानांच्या, दूध-मसालेवाल्यांच्या तीस-चाळीस सेकंदांच्या जाहिराती. मुंबईहून येणारं टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमांचं प्रहसनलेखन, त्यात मुदत कडक असते आणि चौथ्या खर्ड्यालाही 'अजून पंच पाहिजे' म्हणतात. कॉलेजांतल्या कार्यशाळा. आणि कारखान्यांच्या सुरक्षिततेच्या फिल्म्स, ह्या मला मनापासून आवडतात. गोकुळ शिरगावच्या एका कारखान्यासाठी गॉगल न घालणाऱ्या कामगारावर चार मिनिटांची गोष्ट लिहिली होती. त्याला गॉगल नको असतो, कारण त्यानं पहिल्यांदाच डोळ्यांत सुरमा घातलेला असतो आणि लंच-टाइमला त्याला बघायला मुलीकडचे यायचे असतात. कामगार ते संवाद आजही एकमेकांना ऐकवतात, आणि गॉगल घालतात. तुमच्या मुलानं फौंड्री आतनं बघितली आहे. भट्टीशी कसं बोलतात, शिफ्ट बदलताना काय चालतं, हे त्याला ठाऊक आहे. कोल्हापुरात लिहिणारे पुष्कळ, पण मोल्डिंग, म्हणजे फौंड्रीतलं साच्याचं काम केलेला लेखक मला अजून भेटलेला नाही.

'आपल्यासारख्यांचं हे काम नव्हे' असंही तुम्ही पत्रात म्हटलं आहे. तिथं मात्र मी तुमच्याशी सहमत नाही. बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवायचे. त्यांनी ह्याच गावात कॅमेरा तयार केला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली. दामले, फत्तेलाल, शांताराम हे त्याच कंपनीत हातानं काम करत शिकले, आणि १९२९ साली त्यांनी प्रभात फिल्म कंपनी सुरू केली, तीही कोल्हापुरातच. पुण्याला ती १९३३ मध्ये गेली. ही सगळी रंधा, ब्रश आणि पाना हातात धरणारी माणसं होती. हे गाव सिनेमा शिकलं ते कारखान्याच्या पद्धतीनं.

तेव्हा तुम्हाला सुचवते ते असं. त्याला अर्धवेळ किंवा शिफ्टची नोकरी धरू द्या. मी पतसंस्थेतनं साडेपाचला सुटायचे, सात ते दहा लिहायचे. नोकरी असताना लिहिलेलं जास्त धीट होतं, कारण महिनाअखेरची भीती नव्हती. दोन वर्षांत त्यानं लिहिलेले तीन तरी लघुपट पूर्ण होऊन लोकांसमोर गेले पाहिजेत, असं त्याच्याशी ठरवा. त्यानं लिहिलेले नव्हे, पूर्ण झालेले मोजा. त्यासाठी त्याला होण्यासारखं लिहायला शिकावं लागेल. प्रसंगाच्या डोक्यावर लिहिलेले 'रात्र, बाहेर' हे दोन शब्द कागदावर फुकट असतात, पण शूटिंगला दिवे आणि जनरेटर मागतात. महाद्वार रोडवर सणासुदीला दोघांना बोलत चालवलं तर आवाज नंतर पुन्हा भरावा लागतो. तोच प्रसंग दुपारी घराच्या परड्यात होत असेल, तर तो तिथं लिहायचा. कमी पैशांत होणारी पटकथा लिहिणाऱ्याला पुन्हा बोलावतात.

आणि एकदा त्याला जेवताना विचारा, काय लिहितोयस ते वाचून दाखव की. माझ्या वडिलांनी मला ते मी लिहायला लागल्यावर सातव्या वर्षी विचारलं. मी पहिल्या वर्षापासून वाट बघत होते.

ताई, एका हॉटेलात चहा पिता पिता एका निर्मात्याला माझी गोष्ट सांगितली. आठ महिन्यांनी तसाच लघुपट यूट्यूबवर आला, माझं नाव नाही. मी राजारामपुरीत राहते, वय २४. काय करू?

तुझं पत्र वाचून मला माझाच २०१४ चा पावसाळा आठवला. माझंही असंच झालं होतं, आणि मी तीन महिने पेन हातात धरलं नाही. राग येणं रास्त आहे. तो गिळू नकोस, पण त्याचा उपयोग कर.

कायदा काय म्हणतो ते नीट समजून घे. कॉपीराइट कल्पनेला मिळत नाही, ती ज्या रूपात मांडली त्या रूपाला मिळतो. सर्वोच्च न्यायालयानं हे १९७८ सालीच स्पष्ट केलं आहे. म्हणजे 'मौन धरलेला नवरा आणि चोर' ही कल्पना कुणाचीच नाही. पण त्यातले प्रसंग, त्यांचा क्रम, संवाद हे मी लिहून काढले की त्या क्षणी माझे होतात. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे त्यासाठी नोंदणी सक्तीची नाही, पण भांडायची वेळ आली तर नोंदणी पुरावा म्हणून उभी राहते. मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनची सभासद झालीस की स्क्रिप्ट घरबसल्या ऑनलाइन नोंदवता येते. सरकारच्या कॉपीराइट कार्यालयातही साहित्यकृती म्हणून नोंदवता येते, तिथलं शुल्क ५०० रुपये आहे. तुझ्याकडं त्या गोष्टीचं काही लिहिलेलं, तारखेसकट, ईमेलमध्ये किंवा व्हॉट्सॲपवर पाठवलेलं असेल तर ते आजच जपून ठेव आणि वकिलाला दाखव. काहीच नसेल तर वाट बिकट आहे, हे तुझ्यापासून लपवत नाही.

पुढच्या वेळेसाठी मात्र हे पाळ. तोंडी गोष्ट सांगायची असेल तर आधी दोन पानं लिही, आणि भेट झाली त्याच संध्याकाळी 'आज सांगितलेली गोष्ट सोबत जोडत आहे' असा ईमेल कर. त्यात रागावण्यासारखं काही नाही. चांगला निर्माता उलट खूश होतो. हक्क देताना करार लेखी आणि सहीचा हवा, तोंडी दिलेल्याला कायद्यात अर्थ नाही. करारात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरतात, आणि घेतलेले हक्क वर्षभरात वापरलेच नाहीत तर ते तुझ्याकडं परत येतात. मात्र करारात वेगळं लिहिलेलं नसेल तरच, म्हणून ती ओळ शोधून वाच. आपल्याकडं 'कथा, पटकथा, संवाद' ही तीन श्रेयं वेगवेगळी असतात. तिन्ही तुझी असतील तर करारात तिन्ही लिहून घे. नुसतं 'लेखन' असं लिहिलं की त्यातला एकेक तुकडा दुसऱ्याच्या नावावर जातो. माझा तसा गेला आहे.

आणि लिहायचं थांबू नकोस. माझे ते तीन महिने मला परत हवे आहेत.

कोल्हापुरी विनोद म्हटला की शिव्या आल्याच. घालू की नको? — जयसिंगपूर

एका लघुपटात एक. तीही अशा माणसाच्या तोंडी, ज्याच्याकडनं कुणालाच अपेक्षा नाही. माझ्या एका गोष्टीत ती देवळातल्या पुजारीकाकांना दिली होती आणि शूटिंगला त्यांनी ती इतक्या संकोचानं म्हटली की कॅमेरामनचा कॅमेरा हलला. तो हललेला शॉटच आम्ही ठेवला.

मी निपाणीचा. विनोदी लिहायचं तर मुंबईला जावंच लागेल का?

टीव्हीच्या कामासाठी कधी ना कधी जावं लागेल, आणि जेव्हा बोलावतील तेव्हा जा. लघुपटासाठी आत्ताच नको. तुझ्या गावात तंबाखूच्या वखारी आहेत, अर्धा बाजार कानडीत चालतो आणि अर्धा मराठीत, आणि एकाच वाक्यात दोन्ही भाषा बोलणारी माणसं आहेत. त्यांचा एकमेकांबद्दल होणारा गैरसमज तुला ऐकू येतो, मला येत नाही. तो आधी लिहून काढ.

महिन्याच्या दुसऱ्या रविवारी सकाळी दहाला माझ्या घरी वाचन असतं. पत्ता मासिकाच्या कार्यालयाकडून कळेल. स्क्रिप्टच्या सहा प्रती आण, पानांवर आकडे घाल. आणि पात्रांची नावं वेगवेगळ्या अक्षरांवरनं ठेव. तू पाठवलेल्या पानांत सुरेश, संतोष, सचिन आणि सागर असे चौघे एकाच खोलीत आहेत, वाचणाऱ्याची तिथं गाडी अडते.